स्पर्शाने पाहणारा सूक्ष्मदर्शक

मिरज-हुबळीमार्गे बेंगळुरूला जाणाऱ्या मराठी प्रवाशास यशवंतपूर हे नाव परिचित असते. शहराच्या वायव्येस असलेल्या या जंक्शनात दिवसरात्र गाड्यांची ये-जा चालते, तुमकूर रस्त्यावरून मालमोटारी धावतात आणि २०१४ पासून याच भागातून मेट्रोही जाऊ लागली आहे. येथून थोड्याच अंतरावर भारतीय विज्ञान संस्थेचे आवार आहे. ही संस्था १९०९ साली स्थापन झाली. जुने बेंगळुरूकर तिला अजूनही ‘टाटा इन्स्टिट्यूट’ म्हणतात. तेथील काही प्रयोगशाळांत एक विलक्षण नाजूक काम चालते. धातूची एक सुई एखाद्या स्फटिकाच्या पृष्ठभागापासून मिलिमीटरच्या सुमारे दहा लाखाव्या भागाइतक्या अंतरावर धरून ठेवायची आणि तेवढेच अंतर राखून तिला त्या पृष्ठभागावरून फिरवायचे. ज्या भूमीवर आगगाडीची धडधड कधी थांबत नाही, तेथे हे कसे साधते, आणि अशा रीतीने मिळालेल्या चित्रावर कितपत विश्वास ठेवावा, या दोन प्रश्नांचा येथे विचार करावयाचा आहे.

मिलिमीटरच्या या दहा लाखाव्या भागास नॅनोमीटर म्हणतात. अणूची रुंदी त्याच्याही सुमारे चौथ्या हिश्शाइतकी असते. आपल्या डोळ्यांना दिसणाऱ्या प्रकाशाची तरंगलांबी सुमारे ४०० ते ७०० नॅनोमीटर असल्यामुळे नेहमीच्या सूक्ष्मदर्शकातून अणू दिसण्याची आशाच नको. समुद्राच्या लाटेवरून वाळूच्या कणाचा आकार ओळखता येत नाही, तसेच हे आहे. आणि पृष्ठभागावरचे अणू पाहण्याची निकड तर मोठी आहे. लोखंड गंजते ते पृष्ठभागापासून, उत्प्रेरकाचे कार्य घडते ते पृष्ठभागावर. स्फटिकाच्या पोटातील अणूला सर्व बाजूंनी शेजारी असतात. पृष्ठभागावरच्या अणूला वरच्या बाजूस कोणीच नसते. म्हणून तेथील अणू आपापली जागा बदलून निराळीच मांडणी करतात. ती आतल्या मांडणीवरून तर्काने सांगणे फार कठीण असते.

अणू प्रथम दिसला तो १९५५ साली, आणि तो पाहणाऱ्या दोघांपैकी एक भारतीय होता, हे आपल्याकडे फारसे कोणाला ठाऊक नसते. अमेरिकेतील पेनसिल्व्हेनिया राज्य विद्यापीठात एर्विन म्यूलर आणि त्यांचे विद्यार्थी कंवर बहादूर यांनी क्षेत्र-आयन सूक्ष्मदर्शकाच्या साहाय्याने टंगस्टनच्या सुईच्या टोकावरील अणू पडद्यावर पाहिले. मात्र या उपकरणात सुईचे टोक हाच नमुना असे. ज्या पदार्थाची अशी तीक्ष्ण सुई करता येईल आणि जो प्रचंड विद्युत्-क्षेत्र सोसू शकेल, त्याचेच अणू दिसत. दुसऱ्या कोणत्याही पदार्थाचा सपाट पृष्ठभाग पाहण्यासाठी सुईकडून वेगळे काम करून घेणे आवश्यक होते.

ते काम १९८१ साली झूरिकजवळील आयबीएमच्या प्रयोगशाळेत गेर्ड बिनिग आणि हाइन्रिख रोरर यांनी करून घेतले. कापडाचा अनुभवी व्यापारी डोळे मिटूनही चिमटीने कापडाचा पोत सांगतो, तसा हा सूक्ष्मदर्शक पाहतो. भेद एवढाच की त्याची सुई पृष्ठभागाला टेकत नाही. सुई आणि नमुना यांच्यामध्ये अल्प विद्युत्-दाब ठेवून त्यांतील अंतर एक नॅनोमीटर किंवा त्याहून कमी केले, की मध्ये पोकळी असूनही इलेक्ट्रॉन पलीकडे जाऊ लागतात. डोंगर चढून जाण्याइतकी शक्ती नसलेल्या प्रवाशाने बोगद्यातून पलीकडे निघावे तसा हा प्रकार असल्याने त्यास ‘सुरंगन’ असे नाव आहे. जुन्या यामिकीत याला जागा नाही, पुंजयामिकीत आहे. हा प्रवाह अंतराबाबत कमालीचा हळवा असतो. अंतर एका नॅनोमीटरच्या दहाव्या भागाने वाढले की प्रवाह सुमारे दहापटीने घटतो. म्हणून प्रवाह कायम राहील अशा बेताने सुई वर-खाली करीत नेली, तर तिची वर-खाली होण्याची नोंद हाच पृष्ठभागाच्या चढउतारांचा नकाशा ठरतो. ही हालचाल दाबविद्युत् पदार्थाच्या नळीकडून करवितात. विद्युत्-दाब दिला की अशा नळीची लांबी किंचित बदलते. सुईसाठी टंगस्टनची तार दाहक सोड्याच्या द्रावणात झिजवितात. प्लॅटिनम-इरिडियमची तार तर चक्क कात्रीने तिरकी कापली तरी अनेकदा भागते. टोकावर एखादा अणू इतरांच्या पुढे आलेला असला म्हणजे पुरे.

आता धडधडीचा प्रश्न. अणू ज्वारीच्या दाण्याएवढा आहे असे मानू. या मापाने सुई पृष्ठभागापासून बोटभर अंतरावर तरंगत असेल. शहरातील जमीन मिलिमीटरच्या हजाराव्या भागाइतकी हलली तर आपल्या पायांना ते कळतही नाही, परंतु वरील मापाने ती हालचाल सोळा मीटरांची, म्हणजे चार-पाच मजली इमारतीएवढी होईल! बिनिग आणि रोरर यांनी आपले पहिले उपकरण शिशाच्या अतिसंवाहक भांड्यावर चुंबकांच्या बळाने तरंगत ठेवले होते. पुढे त्याहून सोपे उपाय सापडले. झोपाळ्याची कडी वरून भराभर हलविली तर झोपाळा जवळजवळ स्तब्ध राहतो. संथपणे हलविली तरच तो झोके घेऊ लागतो. याच न्यायाने सूक्ष्मदर्शक जड दगडी लादीवर ठेवून ती लादी मऊ स्प्रिंगांवर किंवा रबरावर टांगतात, म्हणजे जमिनीची जलद थरथर वरपर्यंत पोहोचत नाही. उरलेली संथ हालचाल निरुपद्रवी व्हावी म्हणून सूक्ष्मदर्शकाचा गाभा लहान आणि अत्यंत ताठ करतात. मग सुई आणि नमुना दोन्ही एकदमच हलतात आणि त्यांतील अंतर बदलत नाही. रहदारी निवलेली रात्र मात्र या कामाला अधिक मानवते.

अशी सुई महागडी यंत्रे आयात केल्याविना हाती येत नाही, असे समजू नये. पुणे विद्यापीठाच्या भौतिकशास्त्र विभागात क्षेत्र-उत्सर्जनाच्या, म्हणजे म्यूलर यांच्याच मार्गाच्या, संशोधनाची परंपरा होती, आणि तेथील सी. व्ही. धर्माधिकारी यांनी आपल्या प्रयोगशाळेत तयार केलेल्या सुरंगन सूक्ष्मदर्शकावर संशोधन केले. स्वतः यंत्र जुळविणाऱ्यास त्याच्या खोड्याही कळतात, हा त्यातला मोठा लाभ.

कारण या यंत्राला खोड्या आहेत, आणि त्या त्याच्या स्वभावातूनच येतात. सुईला अणू समजत नाही, प्रवाह समजतो. ग्राफाइटचा पृष्ठभाग घ्या. त्यातील शेजारच्या दोन कार्बन अणूंमधील अंतर ०.१४२ नॅनोमीटर आहे, परंतु सुरंगन चित्रात ठिपके दिसतात ते बहुधा ०.२४६ नॅनोमीटर अंतराने. निम्मे अणू जणू गायब! ज्यांच्या बरोबर खाली दुसऱ्या थरातला अणू आहे त्यांच्याकडून प्रवाह कमी मिळतो, म्हणून ते चित्रात उतरत नाहीत. सिलिकॉनच्या पृष्ठभागाच्या १९८३ साली प्रसिद्ध झालेल्या चित्राने या सूक्ष्मदर्शकाला कीर्ती मिळवून दिली आणि १९८६ साली त्याच्या जनकांना नोबेल पारितोषिक मिळाले, तेथेही सुईने दाखविले ते सर्वांत वरच्या थरातील अणू. त्याखालच्या थरांसह पूर्ण रचना ताकायानागी व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८५ साली मांडली, ती इलेक्ट्रॉनांच्या विवर्तनावरून.

याहून बोधप्रद प्रकरण घडले ते डीएनएचे. आनुवंशिकतेचा हा सर्पिल रेणू ग्राफाइटवर पसरून सुरंगन सूक्ष्मदर्शकाने पाहिल्याचे वृत्त १९८९ साली प्रसिद्ध झाले. चित्रात पीळ होता, पिळांमधील अंतरही अपेक्षेच्या जवळपास होते. दोनच वर्षांनी, १९९१ साली, क्लेमर आणि बीब यांनी दाखवून दिले की ज्यावर काहीही ठेवलेले नाही अशा स्वच्छ ग्राफाइटच्या पायऱ्या आणि कडा यांवरही अगदी अशाच पीळदार आकृती आढळतात. यातील बीब हे १९८९ च्या शोधनिबंधाच्या लेखकांपैकीच एक होते. रेणू पाहण्याची आस असलेल्या डोळ्याला कोऱ्या पाटीवरही रेणू दिसतो, हे त्यांनी आपल्याच क्षेत्राला सांगितले. माझ्या मते एखाद्या सुंदर चित्रापेक्षा या शोधनिबंधाचे मोल अधिक आहे.

यशवंतपूरजवळच्या त्या आवारात झालेले एक काम या दृष्टीने लक्षणीय वाटते. अरूप राय चौधरी, अमलान बिस्वास आणि त्यांचे सहकारी यांनी मँगॅनाइट या वर्गातील ऑक्साइडांचा सुरंगन सूक्ष्मदर्शकाने अभ्यास करून तो १९९९ साली प्रसिद्ध केला. या पदार्थांचा विद्युत्-रोध चुंबकीय क्षेत्रात प्रचंड प्रमाणात बदलतो. ज्या तापमानास त्यांचे चुंबकत्व मावळते, त्यास क्यूरी तापमान म्हणतात. त्याच्या आसपास त्यांचे विद्युत्-वहनही पालटते. येथे संशोधकांनी अणूंची चित्रे तर घेतलीच. पण मुख्य प्रश्न चित्राचा नव्हता. सुई एका जागी स्थिर ठेवून विद्युत्-दाब बदलत नेला, तर प्रवाहाच्या आलेखावरून त्या ठिकाणी कोणत्या ऊर्जेच्या इलेक्ट्रॉनांना किती अवस्था उपलब्ध आहेत, हे काढता येते. पदार्थाचा रोध मोजून एवढेच कळते की प्रवाह अडला. इलेक्ट्रॉनांची वाट बिकट झाली की त्यांना अवस्थाच उरल्या नाहीत, ते कळत नाही. आलेखांतून असे दिसले की क्यूरी तापमानाखाली या अवस्था शिल्लक असतात, तर त्या तापमानाजवळ ऊर्जेच्या पातळीत खरोखरीचे खिंडार पडते. ज्या मँगॅनाइटाचे क्यूरी तापमान अधिक, त्यातील खिंडार लहान. तापमान बदलले की सुई, नमुना आणि आधार सारेच प्रसरण पावतात व सुई आपली जागा सोडू पाहते, हे ध्यानात घेता या कामाची कठीणता उमगेल.

विद्युत् न वाहणाऱ्या पदार्थांसाठी बिनिग, क्वेट आणि गेर्बर यांनी १९८६ साली अणुबल सूक्ष्मदर्शक पुढे आणला. यात सुई एका लवचिक पट्टीच्या टोकाशी असते आणि पृष्ठभागाच्या आकर्षण-प्रतिकर्षणाने ती पट्टी वाकते. पहिली पट्टी सोन्याच्या पत्र्याची, तिच्यावर हिऱ्याचा कण चिकटविलेला. आता ती सिलिकॉनची असते आणि तिचे वाकणे लेसर किरणाने मोजतात. काच, प्लास्टिक, जिवंत पेशी असे सारे यामुळे आवाक्यात आले. भारतीय विज्ञान संस्थेत २०१० साली स्थापन झालेल्या नॅनोविज्ञान केंद्रात अशी उपकरणे नित्याच्या वापरात आहेत.

येथेही सुई आपली छाप सोडून जाते. तिचे टोक बोथट झाले किंवा तुटले, तर नमुन्यावरील प्रत्येक कण एकाच साच्यातून काढल्यासारखा, एकाच दिशेला तोंड करून दिसू लागतो. ते कणांचे नव्हे, सुईचेच चित्र असते. म्हणून जाणता संशोधक पहिल्या चित्रावर थांबत नाही. तो नमुना काटकोनात फिरवून तोच भाग पुन्हा रेखाटतो आणि आकृती नमुन्याबरोबर फिरली की होती तशीच राहिली, ते पाहतो. मग सुई बदलतो आणि शेवटी, ज्यावर काहीही ठेवलेले नाही असा कोरा पृष्ठभागही तितक्याच काळजीने तपासतो.