जुने डीजे नियंत्रक आणि आधुनिक मिश्रण-सॉफ्टवेअर : एक तांत्रिक विवेचन

प्रस्तावना :
गंगापूर तालुक्यातील लासूर स्टेशन हे मनमाड–छत्रपती संभाजीनगर लोहमार्गावरील बाजारपेठेचे गाव होय. अशा गावांतील ध्वनिव्यावसायिकाची मिळकत प्रामुख्याने लग्नसराई व गणेशोत्सव या हंगामांवर अवलंबून असते. संगणक बदलल्यावर जुना नियंत्रक चालेनासा झाला, की नव्या यंत्राचा खर्च अटळ वाटतो. वस्तुतः पुष्कळदा यंत्र शाबूत असते. तुटलेला असतो तो त्याचा संगणकाशी होणारा संवाद. हा संवाद पुन्हा कसा जोडता येतो, याचे विवेचन प्रस्तुत लेखात केले आहे.

नियंत्रकाचे कार्य :
कळ दाबली अथवा चकती फिरविली असता नियंत्रक ‘मिडी’ संदेश पाठवितो. हे मानक 1983 पासून प्रचलित आहे. संदेशात सामान्यतः तीन घटक असतात : क्रियेचा प्रकार, कळीचा क्रमांक आणि 0 ते 127 मधील मूल्य. 1999 चे ‘यूएसबी-मिडी’ मानक पाळणाऱ्या उपकरणास स्वतंत्र ड्रायव्हर लागत नाही. त्यामुळेच वेस्टॅक्स ही जपानी कंपनी 2014 मध्ये दिवाळखोरीत गेली, तरी तिचा ‘व्हीसीआय-100’ आजही वापरता येतो.

जोडणीचे टप्पे :
1) ‘मिक्स’ हे मोफत, मुक्त-स्रोत सॉफ्टवेअर स्थापित करून नियंत्रक जोडावा.
2) सेटिंगमधील नियंत्रक-विभागात त्याची तयार आराखडा-फाईल निवडावी. ती नसल्यास ‘मिडी लर्न’ सुविधेने एकेक कळ दाबून तिचे कार्य नेमून द्यावे.
3) व्हीसीआय-100 मध्ये साउंड कार्ड नाही. म्हणून चार निर्गम-वाहिन्यांचे बाह्य कार्ड घ्यावे. 1–2 मुख्य ध्वनीस व 3–4 हेडफोनला द्याव्यात.
4) बफर लहान ठेवावा. 44,100 हर्ट्झला 512 नमुन्यांचा बफर सुमारे 11.6 मिलिसेकंद विलंब करतो. 1024 चा त्याच्या दुप्पट. बफर फारच लहान केल्यास मात्र आवाज तुटतो.

मर्यादा :
वेग-पट्टी 128 पायऱ्यांची असून तिची कक्षा ±8 टक्के असल्यास एक पायरी सुमारे 0.13 टक्क्यांची होते. अशा वेळी हाताने जुळविलेली दोन गाणी हळूहळू विलग होतात. तेथे सॉफ्टवेअरच्या ‘सिंक’चा आधार घ्यावा. कंपनीच्या खास ड्रायव्हरवरच चालणाऱ्या उपकरणास मात्र नवा ड्रायव्हर उपलब्ध नसल्यास वरील उपाय लागू पडत नाही.

निष्कर्ष :
नियंत्रकाचे आयुष्य त्याच्या वयावर नव्हे, तर तो पाळत असलेल्या खुल्या मानकावर ठरते. म्हणून जुने यंत्र मोडीत काढण्यापूर्वी ते ड्रायव्हरविना ओळखले जाते काय, एवढे तपासणे हिताचे ठरेल. ही चाचणी विनाखर्च होते.