गैरसमज गोड, केक त्याहून गोड

विजयदुर्ग किल्ल्यातल्या साहेबाच्या कट्ट्यांजवळ उभं राहिलं की हमखास एक गोष्ट ऐकू येते : 18 ऑगस्ट 1868 च्या खग्रास सूर्यग्रहणात इंग्रज खगोलशास्त्रज्ञ नॉर्मन लॉकयरने इथूनच हेलियम शोधला. ग्रहण झालं हे खरं. लॉकयरला सूर्याच्या प्रकाशात हेलियमची, तोवर अनोळखी असलेली पिवळी रेषा दिसली हेही खरं. पण 1868 मध्ये तो इंग्लंडमध्ये होता आणि ती रेषा त्याने ऑक्टोबरमध्ये तिथूनच पाहिली, ग्रहण नसताना. विजयदुर्गाला तो आला तो 22 जानेवारी 1898 च्या ग्रहणासाठी, तीस वर्षांनी. म्हणजे माणूस खरा, जागा खरी, शोध खरा. फक्त तीन खऱ्या गोष्टी एका गाठोड्यात बांधताना गफलत झाली.

केकबद्दलचे बहुतेक गैरसमज याच जातीचे असतात. साफ खोटं त्यात फारसं नसतं. कुठलं तरी खरं चुकीच्या जागी नेऊन बसवलेलं असतं. नाताळच्या आठवड्यात देवगड-विजयदुर्गाकडे पर्यटक लोटतात, घरगुती निवासवाल्यांकडे ‘केक मिळेल का?’ अशी विचारणा होते, आणि ‘आमच्याकडे ओव्हन नाही हो’ हे उत्तर ठरलेलं असतं. म्हणून सुरुवात ओव्हनपासूनच करू.

केकला ओव्हन लागत नाही, वरून-खालून उष्णता लागते. हे कोकणातल्या बायकांना कुणी शिकवायला नको. धोंडस म्हणा किंवा तवसाळी म्हणा, पदार्थ एकच : किसलेलं तवसं म्हणजे मोठी काकडी, तांदळाचा रवा, गूळ, ओलं खोबरं, वेलची. पातेलं चुलीवर, झाकणावर निखारे, आणि मंद आचेवर तांबूस होईपर्यंत वाट बघणं. अंडं नाही, सोडा नाही, तरी कापायला सुरी लागते आणि काप उभा राहतो. पावसाळ्यानंतरची मोठी तवशी आढ्याला टांगून ठेवण्याची पद्धत अनेक घरांत अजून आहे, त्यामुळे डिसेंबरातही हा केक होऊ शकतो. पाहुण्यांसमोर तो ‘कुकुंबर केक’ म्हणून मांडला की दुप्पट भाव मिळेल, हा आपला एक अनाहूत सल्ला.

गॅसवर करायचं तर जाड बुडाची कढई घ्या. तळाशी बोटभर वाळू किंवा जाडं मीठ, त्यावर कडं, कड्यावर केकचं भांडं, वर घट्ट बसणारं जड झाकण. आधी दहा मिनिटं कढई तापवून घ्यायची. कुकरमध्ये करणारे शिट्टी आणि रबर काढतात, ते योग्यच. पण पाण्याशिवाय तासभर तापणं कुकरला मानवत नाही. त्याचा सुरक्षा व्हॉल्व्ह जास्त तापला की वितळावा असाच बनवलेला असतो. तेव्हा रोजच्या वापरातला कुकर यात घालू नये. कढईतल्या केकला वरून उष्णता कमी मिळते, म्हणून माथा फिकट राहतो. त्यात बिघडत काही नाही. केक निवल्यावर ताटलीत उलटा करायचा, सपाट आणि तांबूस तळ वर येतो. सजावट त्यावर जास्त सोपी जाते.

नाताळ म्हणजे केक, ही समजूतही या किनाऱ्यावर पुरती लागू नाही. सिंधुदुर्गातली ख्रिस्ती वस्ती प्रामुख्याने दक्षिणेकडे, मालवण, वेंगुर्ला, सावंतवाडी या भागात आहे. सिंधुदुर्गचा स्वतंत्र कॅथलिक धर्मप्रांत 2005 मध्ये झाला, त्याचं मुख्य ठिकाण सावंतवाडी. तिथून गोव्यापर्यंतच्या घरांत नाताळच्या फराळाला कुस्वार म्हणतात, आणि त्या ताटात नेवऱ्या, कुलकुल, दोदोल, दोस, बेबिंका असा बराचसा नारळ, गूळ, तांदूळ आणि रवा यांचा कारभार असतो. करंज्या आणि शंकरपाळ्यांच्या घरातल्या माणसाला यात परकं वाटावं असं थोडंच. याच ताटातला केक म्हणजे बातिक : रवा, नारळ आणि अंडी यांचा. सुक्यामेव्याने काळाभोर झालेला विलायती केक हा त्या मानाने उशिरा आलेला पाहुणा. भारतात तो प्रथम तलश्शेरीच्या मांबळी बापू यांनी 1883 मध्ये भाजला असं सांगतात. एका इंग्रज मळेवाल्याने नमुना आणून दिला, बापूंनी त्यात फ्रेंच ब्रँडीऐवजी काजूच्या बोंडांची आणि केळ्यांची स्थानिक दारू घातली. काजूच्या मुलखात राहून रमसाठी अडून बसणाऱ्यांनी हे ध्यानात ठेवावं.

रमचं प्रकरण जरा खोलात जाऊन पाहण्यासारखं आहे, कारण त्यात दोन गैरसमज एकमेकांच्या विरुद्ध दिशेने चालतात. एक म्हणतो, दारूशिवाय नाताळचा केकच नाही. दुसरा म्हणतो, घातली तरी काय, भट्टीत सगळी उडून जाते. दारूचं खरं काम टिकवण्याचं. मनुका, बेदाणे महिनोन् महिने मुरवायचे असतील तर बुरशी रोखायला ती हवी. आज भिजवून उद्या केक करायचा असेल तर संत्र्याचा रस किंवा अमृत कोकम पुरतं, फक्त भिजवलेलं भांडं रात्रभर फ्रिजमध्ये ठेवायचं. कोकमाचं आगळ मात्र नको, त्यात मीठ असतं. आणि उडून जाण्याबद्दल म्हणाल तर अमेरिकेच्या कृषी खात्याचे प्रसिद्ध आकडे सांगतात, की मिश्रणात घातलेल्या दारूतला सुमारे 35 टक्के अंश अर्ध्या तासाच्या भाजण्यानंतर आणि सुमारे 25 टक्के अंश तासाभरानंतरही उरतो. न पिणाऱ्या पाहुण्याला, लहान मुलाला किंवा गरोदर बाईला केक देणार असाल तर ‘त्यात आता काही राहिलेलं नाही’ असं सांगणं खोटं ठरतं. दारू घातली असेल तर स्पष्ट सांगावं.

अंड्याविना केक फुगत नाही, असं म्हणणाऱ्यांनी दुसऱ्याचं एक काम अंड्याच्या नावावर टाकलेलं असतं. फुगवतो तो मुख्यतः वायू. अंडं त्या फुगलेल्या फेसाला आधार देतं, भाजताना घट्ट होऊन तो धरून ठेवतं. अंडं नसेल तर वायू दही आणि खायच्या सोड्यातून मिळतो, आधार पिठातून, फक्त केक थोडा जास्त भुसभुशीत होतो. इथे घोळ होतो तो सोडा आणि बेकिंग पावडर एकच समजण्यात. सोड्याला आंबट जोडीदार लागतो : दही, ताक, लिंबू. बेकिंग पावडरमध्ये आम्ल आधीच असतं. वाटीभर पिठाला पाव चहाचा चमचा सोडा किंवा एक चमचा बेकिंग पावडर हा अंदाज. सोडा जास्त झाला की केक काळपट पडतो आणि साबणासारखा लागतो. इनो घालण्याला काहीजण नाकं मुरडतात. पण त्यातही मुख्यतः सोडा आणि सायट्रिक आम्लच असतं. अडचण इतकीच, की ते ओलं झाल्याक्षणी सगळा जोर दाखवून मोकळं होतं, म्हणून घातलं की लगेच भांडं आचेवर.

फेटण्याचंही असंच. लोणी-साखर जितकी फेटाल तितकी हवा, हे बरोबर. पण मैदा पडल्यानंतर फेटत राहिलं की त्यातलं ग्लुटेन ताणलं जातं आणि केक चिवट होतो. मैदा गेला की पळी हलक्या हाताने, पीठ दिसेनासं होईपर्यंत. काजू-मनुका तळाशी बसू नयेत म्हणून त्यांना पीठ चोळतात, त्याचा थोडा उपयोग होतो, पण पातळ मिश्रणात ते बुडणारच. मिश्रण दाट ठेवा, तुकडे लहान करा.

हे सगळं ध्यानात घेतलं तर विजयदुर्गाच्या स्वयंपाकघराला सगळ्यात सोयीचा केक बातिकच. बारीक रवा 250 ग्रॅम, ओलं खोबरं 200, साखर 200, लोणी 125 ग्रॅम, चार अंडी, चिमूटभर मीठ, वेलची. लोणी-साखर फेटून त्यात एकेक अंडं, मग खोबरं आणि रवा. हे मिश्रण रात्रभर फ्रिजमध्ये ठेवायचं म्हणजे रवा फुलतो. सकाळी बाहेर काढून थंडपणा गेला की चहाचा एक चमचा बेकिंग पावडर मिसळून आठ इंचांच्या भांड्यात ओतायचं. ओव्हनमध्ये 180 अंशांवर 40 ते 45 मिनिटं, कढईत मंद आचेवर तासभर. पहिला अर्ध्याहून जास्त वेळ झाकण उघडायचं नाही, कारण तोवर आतला फेस घट्ट झालेला नसतो आणि गार हवा लागताच बसतो. शेवटी विणायची सुई घालून पाहा, कोरडी निघाली की झालं.

आता सजावट. इथे खिशाला सगळ्यात जास्त चाट बसते आणि समजही सगळ्यात कमी असते. बाजारातल्या केकवर जी लाल चेरी असते, ती पुष्कळदा चेरी नसतेच. करवंदाच्या जातीचं मोठं फळ बिया काढून, पाकात मुरवून, लाल रंगात बुडवलेलं असतं. टुटीफ्रुटीत फळांची रेलचेल असते असं वाटतं, ती असते कच्ची पपई. यात फसवणूक म्हणावी की हिकमत, हे ज्याचं त्याने ठरवावं. मला तर वाटतं, ज्यांच्या कातळावर करवंदांच्या जाळ्या आहेत त्यांनी चेरीचे पैसे मोजू नयेत. उन्हाळ्यात कच्ची करवंदं पाकात घालून ठेवली तर नाताळला घरची ‘चेरी’ तयार. कच्च्या पपईचं तर बारा महिने जमतं.

खोक्यात मिळणारं साधं फ्रेश क्रीम कितीही फेटलं तरी उभं राहत नाही, त्यात फेटणाऱ्याच्या हाताचा दोष नाही. त्यात स्निग्धांश 25 टक्क्यांच्या आसपास असतो, फेटून फुलायला किमान 30 आणि नीट फुलायला 35 टक्के लागतो. शिवाय समुद्राकाठी दमट हवेत क्रीम पाझरतं, आणि लाईट गेली की फ्रिजवरही भिस्त ठेवता येत नाही. तेव्हा क्रीमचा नादच सोडावा. 100 ग्रॅम बारीक पिठीसाखरेत साधारण एक मोठा चमचा लिंबाचा रस थेंबाथेंबाने घालून दाट लेप करा आणि केकवरून ओघळू द्या. लिंबाऐवजी अमृत कोकम घातलं तर गुलाबी रंग फुकट. हा रंग आंबटपणावर टिकतो. सोडा घातलेल्या मिश्रणात कोकम ओतलं तर मात्र तो मळकट, निळसर होतो, म्हणून कोकम वरच्या लेपातच. बाटलीतला रंग वापरायचा तर खाद्यरंगाचाच घ्या. भारतात आठ कृत्रिम खाद्यरंगांना परवानगी आहे आणि त्यांचंही प्रमाण ठरलेलं आहे. नुसती पिठीसाखर भुरभुरायची असेल, कागदात तारा कापून त्यावरून चाळायची असेल, तर केक पूर्ण निवू द्या आणि वाढण्याच्या आधी दहा मिनिटं चाळा. ओलसर केक साखर पिऊन टाकतो.

विलायती चित्रांतली हिरवी पानं आणि लाल बोरं होली नावाच्या झाडाची, आणि ती बोरं विषारी असतात. उलट लालपत्तीला (पॉइन्सेटियाला) लोक जीवघेणी समजतात, तिच्या चिकाने फार तर जळजळ होते, अर्थात खायची नाहीच. खरी सावधगिरी हवी ती दारातल्या कण्हेरीची. तांबडी असो वा पिवळी, ती पान-फुलासकट विषारी आहे, आणि फोटोसाठीही तिचं फूल केकवर टेकवू नये. पुदिन्याची दोन पानं आणि पाकातली तीन करवंदं यांनी होलीचं काम भागतं. औषध न फवारलेल्या गावठी गुलाबाच्या किंवा जास्वंदीच्या पाकळ्याही चालतात.

राहता राहिलं टिकण्याचं. मुरवलेल्या सुक्यामेव्याचा केक जितका जुना तितका चांगला, हे ऐकून बातिकही आठवडाभर ठेवणारे भेटतात. ओलं खोबरं ते चालू देत नाही. बाहेर एक दिवस, फ्रिजमध्ये तीन-चार दिवस, आणि खाण्याआधी तव्यावर काप जरासा गरम करून घ्यायचा. कडा कुरकुरीत होतात, लोणी पुन्हा सुटतं.