दहा रुपयांचा परवाना आणि नभोवाणीची पहिली वर्षे

भारतातील नभोवाणीचा आरंभ शासकीय सेवा म्हणून झालेला नाही. २३ जुलै १९२७ रोजी व्हाइसरॉय लॉर्ड आयर्विन यांच्या हस्ते मुंबई केंद्राचे उद्घाटन झाले, ते इंडियन ब्रॉडकास्टिंग कंपनी या खाजगी कंपनीचे केंद्र होय. पुढच्याच महिन्यात कलकत्ता केंद्र सुरू झाले. प्रत्येकी दीड किलोवॅट शक्तीच्या या दोन प्रक्षेपकांचा आवाज शहराच्या परिसरापलीकडे फारसा पोहोचत नसे. खेड्यांचा तर प्रश्नच नव्हता.

इंग्लंडमध्ये त्याच वर्षीच्या १ जानेवारीस नेमके उलट घडले होते. क्रॉफर्ड समितीच्या शिफारशीनुसार तेथील खाजगी कंपनीची जागा सनदेने स्थापन झालेल्या बी. बी. सी. या सार्वजनिक महामंडळाने घेतली. परवाना शुल्काचा आधार तेथे भक्कम होता, कारण परवानाधारकांची संख्या वीस लाखांवर गेली होती.

येथेही शुल्क होते. श्रोत्याने वर्षाला दहा रुपये भरावेत, त्यांपैकी आठ कंपनीस मिळावेत, शिवाय आयात झालेल्या यंत्रसामग्रीच्या किमतीवर दहा टक्के आकार मिळावा, अशी योजना होती. कागदावर ती निर्दोष होती. परंतु रेडिओ संच महाग, अनेक श्रोते विनापरवाना आणि विक्रेते आकार चुकविणारे! १९२९ अखेर परवाने आठ हजारही भरले नाहीत. १ मार्च १९३० रोजी कंपनी दिवाळखोरीत निघाली.

१ एप्रिलपासून सरकारने दोन वर्षांच्या प्रयोगापुरती ही सेवा हाती घेतली. जागतिक मंदीत तोटा होताच ऑक्टोबर १९३१ मध्ये ती बंद करण्याचा निर्णय झाला. श्रोते व व्यापारी यांच्या तीव्र विरोधामुळे, विशेषतः बंगालमधील चळवळीमुळे, महिन्याभरातच तो फिरवावा लागला. १९३२ मध्ये सेवा कायम झाली. खर्चाच्या भरपाईसाठी संचांवरील आयात शुल्क दुप्पट, म्हणजे पन्नास टक्के, करण्यात आले. श्रोते वाढविण्याचा हा मार्ग विचित्रच. तरीही पुढील दोन वर्षांत परवाने जवळजवळ दुप्पट झाले. त्याचे श्रेय मात्र बऱ्याच अंशी डिसेंबर १९३२ मध्ये सुरू झालेल्या बी. बी. सी.च्या साम्राज्य सेवेला द्यावे लागते. येथील युरोपियनांनी लंडन ऐकण्यासाठी संच विकत घेतले.

ऑगस्ट १९३५ मध्ये बी. बी. सी.चे लायोनेल फील्डन नियंत्रक म्हणून आले. ८ जून १९३६ रोजी या सेवेस 'ऑल इंडिया रेडिओ' हे नाव मिळाले. जाहिरातीच्या उत्पन्नाचा मार्ग विविध भारतीवर उघडला तो १९६७ मध्ये, मुंबई, पुणे व नागपूर येथून.