पोटगी, भाग ४ : होडीची कमाई आणि कोर्टाचा महिना

पोटगीचा अर्ज कुणाला करता येतो, ते मागच्या भागात पाहिलं. आता खऱ्या भांडणाचा प्रश्न : रक्कम किती?

नोकरदाराच्या घरी पगाराची स्लिप असते. आगरदांड्याच्या खलाशाकडे ती कुठून येणार? त्याला वाटा मिळतो, तोही जाळ्याला मासळी लागली तर. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांना मासेमारीबंदी. नवरा कोर्टात सांगतो, "साहेब, पावसाळ्यात माझंच भागत नाही." त्याचं सगळंच खोटं असतं असंही नाही. पण मुलाच्या वह्या-पुस्तकांचा खर्च नेमका जूनमध्येच येतो, आणि पोटगी दरमहा द्यायची असते.

आधी कोर्टाचं. समजा, सासर दिघीला, म्हणजे श्रीवर्धन तालुक्यात, आणि बाई मुलाला घेऊन फेरीबोटीने आगरदांड्याला माहेरी आली. तारखांसाठी तिला पुन्हा खाडी ओलांडायला नको. ती राहते तिथल्या, म्हणजे मुरूडच्या, न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज चालतो. पूर्वीचं कलम १२५ आता १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४ झालं आहे. वकील मंडळी अजून 'एकशेपंचवीस'च म्हणतात, त्याने काही बिघडत नाही. धर्माची आडकाठी नाही. मुस्लिम स्त्रीलाही हा मार्ग खुला आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये पुन्हा स्पष्ट केलं. विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळवायला स्त्रीला उत्पन्नाची अट नाही.

रकमेबाबत आज देशभर ज्या निकालाचा आधार घेतात, तो आपल्या नागपुरातून वर गेलेला : रजनेश विरुद्ध नेहा. पत्नीने २०१३ मध्ये अर्ज केला. कुटुंब न्यायालयाने २०१५ मध्ये तिला दरमहा १५ हजार आणि मुलाला आधी ५, मग १० हजार अंतरिम पोटगी ठरवली. नवरा उच्च न्यायालयात हरला, दिल्लीला गेला, आणि निकाल लागला ४ नोव्हेंबर २०२० रोजी. अंतरिम पोटगीचा अर्ज शक्यतो ६० दिवसांत निकाली काढा, असं कायदा सांगतो. इथे सात वर्षं गेली!

त्या निकालाने दोन गोष्टी पक्क्या केल्या. पोटगी अर्जाच्या तारखेपासून द्यायची, निकालाच्या नव्हे. आणि दोघांनीही उत्पन्न, मालमत्ता, खर्च, कर्ज यांचं प्रतिज्ञापत्र द्यायचं. माझ्या मते किनाऱ्यावरच्या बाईसाठी ही दुसरी गोष्ट अधिक मोलाची. "मी नुसता खलाशी," असं प्रतिज्ञापत्रावर लिहिणाऱ्याच्या नावावर होडी असेल, तर तिची नोंदणी आणि मासेमारीचा परवाना सरकारदरबारी असतो. डिझेलचा परतावा मच्छीमार सोसायटीमार्फत येत असेल, तर त्याचे कागद असतात, बँकेत नोंद असते. ही कागदपत्रं मागवण्याचा अर्ज वकिलाकडून सुरुवातीलाच करून घ्यावा. होडी भावाच्या नावावर असेल, तर काम अवघड होतं, पण दार बंद होत नाही. धडधाकट माणसाने अंगमेहनत करूनही बायकामुलांना पोसलं पाहिजे, असं सर्वोच्च न्यायालय २०२२ मध्ये अंजू गर्ग प्रकरणात म्हणालं आहे. बंदीच्या दोन महिन्यांवर बोट ठेवणाऱ्याला वर्षभराची कमाई बारा महिन्यांत वाटून दाखवायला सांगावं.

हुकूम हातात आला की अनेकजणी थांबतात. 'हंगाम लागला की देतो' यावर दोन-दोन वर्षं जातात आणि तिथेच घात होतो, कारण थकलेल्या रकमेसाठी वॉरंटचा अर्ज ती देय झाल्यापासून एका वर्षात करावा लागतो. दर काही महिन्यांनी वसुलीचा अर्ज टाकत राहावा. नवऱ्याला तुरुंगात टाकलं म्हणून बाकी फिटत नाही. १९८८ च्या कुलदीप कौर निकालापासून हे स्पष्ट आहे.

नवऱ्याच्या बाजूनेही एक दार आहे. हंगामच बुडाला, आजारपण आलं, तर कलम १४६ खाली रक्कम कमी करून मागता येते; महागाई वाढली तर बायकोला वाढवून मागता येते. मात्र कोर्टाला न विचारता जून-जुलैचे हप्ते परस्पर गाळले, तर ते बाकीत चढतात.

मूल अठरा वर्षांचं झालं की काय, आणि अविवाहित मुलीचं काय, ते पुढच्या आठवड्यात.