चलचित्र मालिकेतील कृष्णवर्णीय किशोर महानायक : ‘स्टॅटिक शॉक’चा वारसा आणि मराठी संदर्भ

प्रस्तावना :
महात्मा फुले यांनी 1873 साली ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अमेरिकेतील गुलामगिरी नष्ट करणाऱ्या सदाचारी लोकांना अर्पण केला. 1972 साली मुंबईत स्थापन झालेल्या दलित पँथरने आपले नाव ‘ब्लॅक पँथर’ चळवळीवरून घेतले. या नात्याच्या पार्श्वभूमीवर ‘स्टॅटिक शॉक’ या अमेरिकन चलचित्र मालिकेचा विचार प्रस्तुत लेखात केला आहे.

मालिकेचे स्वरूप :
ड्वेन मॅकडफी आणि त्यांच्या सहकाऱ्यांच्या माइलस्टोन मीडिया या संस्थेने 1993 मध्ये ‘स्टॅटिक’ ही चित्रकथा प्रसिद्ध केली. तिच्यावर आधारित मालिका 2000 ते 2004 या काळात चार पर्वांत व 52 भागांत प्रसारित झाली. नायक व्हर्जिल हॉकिन्स हा शाळकरी मुलगा असून रासायनिक वायूच्या दुर्घटनेमुळे त्याला विद्युतशक्ती प्राप्त होते.

नायकाचे नाव विशेष अर्थपूर्ण आहे. व्हर्जिल हॉकिन्स या कृष्णवर्णीय व्यक्तीस 1949 मध्ये फ्लोरिडा विद्यापीठाच्या विधी महाविद्यालयाने वर्णामुळे प्रवेश नाकारला होता. नऊ वर्षांच्या न्यायालयीन लढ्यानंतर त्यांनी स्वतःचा दावा सोडला, तेव्हा इतर कृष्णवर्णीयांसाठी तेथील द्वार उघडले. ज्ञानाचा नाकारलेला हक्क अशा रीतीने बालमनोरंजनात स्मृतिरूपाने टिकला.

खलनायकांचा पराभव एवढेच या मालिकेचे प्रयोजन नाही. एका भागात नायकाला गोऱ्या मित्राच्या वडिलांचा वर्णद्वेष सोसावा लागतो. दुसऱ्या भागात छळाला कंटाळलेला विद्यार्थी शाळेत बंदूक आणतो. या प्रश्नांपुढे विद्युतशक्ती निरुपयोगी ठरते.

मराठी संदर्भ :
नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’ (2013) मधील जब्या हा या नायकाचा जवळचा समवयस्क होय. त्याच्याकडे कोणतीही अलौकिक शक्ती नाही. शेवटी हाती उरतो तो दगड. दुर्गाबाई व सुभाष व्याम यांच्या गोंड शैलीतील ‘भीमायन’ (2011) या चित्रकथेत पाण्यासाठी ताटकळणारा बाल भीमराव भेटतो. मात्र ‘फँड्री’ आणि ‘भीमायन’ या कृती प्रामुख्याने प्रौढांपर्यंत पोहोचल्या. ‘स्टॅटिक शॉक’ थेट मुलांशी बोलली.

निष्कर्ष :
मॅकडफी यांचे 2011 मध्ये निधन झाले. 2021 मध्ये ‘स्टॅटिक’ चित्रकथा नव्या रूपात परतली. अन्यायाचा विषय मुलांना पेलत नाही, हा समज या मालिकेने खोटा ठरविला. ज्या मुलाला वर्गात मागे बसविले जाते, त्याला पडद्यावर मध्यभागी आणणे, हाच तिचा खरा वारसा होय. मराठी बालसाहित्य व बालचित्रपट यांच्या अध्यापनात त्याची दखल घेणे अगत्याचे आहे.