‘हिट’ म्हणजे सापडणे!

दोस्तांनो, रोहित शर्माला सगळे ‘हिटमॅन’ म्हणतात, हे तुम्हाला माहीतच आहे. हिट म्हणजे जोरात मारणे! शाळेत तुम्ही हिट-हिट-हिट अशी त्याची तिन्ही रूपं घडाघडा म्हणता. पण हजार वर्षांपूर्वी या शब्दाचा अर्थ होता भेटणे, सापडणे. खरं वाटत नाही ना? मग चला व्हायकिंगांकडे!

व्हायकिंग म्हणजे नॉर्वे, डेन्मार्क, स्वीडन या भागातले धाडसी दर्यावर्दी. इ.स. 793 मध्ये त्यांनी इंग्लंडच्या ईशान्य किनाऱ्याजवळच्या लिंडिसफार्न बेटावरचा मठ लुटला. पुढे मात्र त्यांच्यातले कितीतरी जण इंग्लंडच्या उत्तर आणि पूर्व भागात घरं बांधून राहिले, शेती करू लागले. शेजार जमला की शब्दांची देवाणघेवाण होणारच! एग, नाइफ, स्किन हे शब्द त्यांच्या नॉर्स भाषेनेच इंग्रजीला दिले. ‘विंडो’चा मूळ अर्थ तर ‘वाऱ्याचा डोळा’! त्यांच्याबरोबरच ‘हित्ता’ हे क्रियापदही आलं. त्याचा अर्थ गाठणे, भेटणे, सापडणे.

मग सापडण्याचं मारणं कसं झालं? भाला फेकला किंवा बाण सोडला, की तो लक्ष्य गाठतो. आणि बाणाने गाठलं म्हणजे मार बसलाच! असा हळूहळू अर्थ सरकला. आपल्या मराठीतही बघा, दगड ‘लागतो’ आणि शोधही ‘लागतो’.

इंग्रजीकडे मारण्यासाठी स्वतःचं एक जुनं क्रियापद होतं. त्याचं आता ‘स्ले’ झालंय, पण त्याचा अर्थ उरला ठार मारणे. साध्या माराचं काम पाहुण्या ‘हिट’ने उचललं. पुढे नेम अचूक बसला म्हणजे ‘हिट’, आणि त्यावरून गाणी अन् सिनेमेही ‘हिट’ होऊ लागले.

स्वीडनमध्ये मात्र ‘हित्ता’ म्हणजे आजही सापडणे! तिथे हरवलेली वस्तू परत आणून देणाऱ्याला जे बक्षीस मिळतं, त्याच्या नावातही हाच शब्द आहे.

आता तुमची पाळी. वाचनालयातला जाडजूड इंग्रजी शब्दकोश उघडा आणि केक, लेग, स्काय हे शब्द शोधा. अर्थाजवळच शब्दाचं मूळ दिलेलं असतं. यांतला कोणता शब्द आधी ‘ढग’ होता, ते शोधून आम्हाला नक्की कळवा!