घर अनोळखी होते तेव्हा

भयपटाचा आणि कुटुंबाच्या आरोग्याचा काय संबंध, असा प्रश्न आपल्या मनात येणे स्वाभाविक आहे. परंतु २०२० साली प्रदर्शित झालेला ‘रेलिक’ हा ऑस्ट्रेलियन चित्रपट, घरी स्मृतिभ्रंशाच्या रुग्णाची शुश्रूषा करणाऱ्या वाचकांना फार ओळखीचा वाटेल. नॅटली एरिका जेम्स यांचा हा पहिलाच पूर्ण लांबीचा चित्रपट. त्यांच्या जपानमधील आजीला अल्झायमर झाला होता. त्या अनुभवातून ही कथा स्फुरली. तीन प्रमुख पात्रे, एक जुने घर आणि सुमारे दीड तासाचा अवधी, एवढ्या मोजक्या सामग्रीवर तो उभा आहे.

एकटी राहणारी वृद्ध एडना घरातून नाहीशी होते. मुलगी के आणि नात सॅम शोधासाठी येतात, तेव्हा घरभर चिकटवलेल्या चिठ्ठ्या त्यांना दिसतात. काही दिवसांनी एडना परतते. कोठे होती, हे मात्र सांगत नाही. ती प्रेमाने नातीला अंगठी देते आणि पुढे तिच्यावरच ती चोरल्याचा आरोप करते. भिंतींवर काळी बुरशी पसरत जाते. शेवटी सॅम त्याच घरात वाट चुकते. बोळ अरुंद होत जातात, बाहेर पडण्याचा मार्ग सापडत नाही.

आजवर आपण रुग्णाला बाहेरून पाहिलेले असते. या प्रसंगात तरुण, धडधाकट नात त्याच्या जागी उभी राहते. स्वतःच्याच घरात दिशा हरवणे म्हणजे काय, हे तिच्याबरोबर आपल्यालाही जाणवते. चित्रपटाचे हेच मोल आहे: घरात सर्वाधिक भ्यालेली व्यक्ती रुग्ण स्वतः असते, हे तो दाखवून देतो.

हे ध्यानी आले की आपले वागणे बदलते. ‘माझी बांगडी सुनेने घेतली’ असा आरोप झाला, तर पुरावे देत बसू नये. वस्तू कोठे ठेवली हे मेंदू विसरतो आणि ती रिकामी जागा संशयाने भरून काढतो. ‘चला, आपण दोघी मिळून शोधू या,’ एवढे म्हणणे अधिक उपयोगी ठरते. सुनेनेही हा आरोप आजाराचा मानावा, सासूबाईंचा मानू नये.

घराची भीती कमी करता येते. तिन्हीसांजेला अस्वस्थता वाढत असल्यास दिवे लवकर लावावेत, सावल्या पडू देऊ नयेत. आरशातील प्रतिबिंब परके वाटत असेल, तर आरसा झाकावा. न्हाणीघराची आतली कडी काढून टाकावी. घराबाहेर निघून जाण्याची शक्यता ध्यानात घेऊन नाव व दूरध्वनी क्रमांक लिहिलेली चिठ्ठी खिशात ठेवावी; शेजाऱ्यांना आणि कोपऱ्यावरच्या दुकानदाराला कल्पना देऊन ठेवावी.

एक गोष्ट मात्र विसरू नये. गोंधळ एक-दोन दिवसांत अचानक वाढला, तर ‘आजार बळावला’ असे गृहीत धरू नये. मूत्रमार्गाचा संसर्ग, शरीरातील पाणी कमी होणे किंवा नवे औषध ही कारणे असू शकतात. त्वरित डॉक्टरांना दाखवावे.

चित्रपटाच्या अखेरीस के मुलीसह पळून जाण्याच्या बेतात असते. पण ती मागे वळते आणि ओळखू न येणाऱ्या आईला बिछान्यावर नेऊन तिच्याजवळ पडून राहते. त्याच वेळी सॅमला आपल्या आईच्या पाठीवर तसाच काळा डाग दिसतो. ‘उद्या मलाही हेच होईल का?’ ही शंका अनेक मुलामुलींना छळते. आई-वडिलांना हा आजार असल्यास धोका काहीसा वाढतो, परंतु बहुतेक रुग्णांत तो थेट वारशाने आलेला नसतो. रक्तदाब व मधुमेह आटोक्यात ठेवणे, ऐकू कमी येत असल्यास श्रवणयंत्र वापरणे, नियमित चालणे आणि माणसांत राहणे हे आपल्या हाती आहे.

चित्रपट पाहावा का? दृश्ये अंगावर येणारी आहेत, म्हणून मन घट्ट असेल तरच पाहावा. रुग्णासोबत मात्र मुळीच पाहू नये. पडद्यावरचे प्रसंग त्याला घरातच घडत असल्यासारखे वाटू शकतात.

के मागे वळली, म्हणून प्रत्येकाने एकट्याने सारे सोसावे असा अर्थ घेऊ नये. रात्रीची पाळी भावंडांनी वाटून घ्यावी, आठवड्यातून काही तास मदतनीस ठेवावी. ज्येष्ठांसाठीच्या ‘एल्डरलाइन’ या राष्ट्रीय मदतवाहिनीचा क्रमांक १४५६७ आहे. मानसिक आधारासाठी ‘टेली-मानस’चा क्रमांक १४४१६. शुश्रूषा करणाऱ्याची झोप पुरी झाली, तर रात्री दोन वाजता ‘हे घर माझे नाही, मला माझ्या घरी न्या’ अशी हाक आल्यावर त्यालाही शांतपणे हात हातात घेता येईल.